‘कालियामर्दन’ मूकपटांतील धाकधूक : एक पाठविचार

(१)

आपल्या त्रैमासिकाच्या वाचकांस ताम्रपट, महजर, बखरी आणि पोथ्या यांची संवय आहे. लेखाच्या शिरोभागीं चित्रपटाचें नांव पाहून हा विषय येथें कां, असें कित्येकांस वाटेल. त्यांस उत्तर एवढेंच कीं, ज्या वस्तूचा विचार येथें करावयाचा आहे ती आतां शंभर वर्षांहून जुनी झाली आहे. ती खंडित स्थितींत हातीं आली आहे. तिच्या मूळ लांबीचा व आजच्या लांबीचा हिशेब लावतां येतो. आणि तिचा मजकूर ज्या ग्रंथांतून आला ते ग्रंथ आपणांपाशीं आहेत. ज्या वस्तूस हीं चार लक्षणें लागू पडतात तिला आपण पोथी म्हणतों. ती कागदावर न लिहितां सेल्युलॉइडच्या फितीवर उतरली, हा भेद केवळ अधिष्ठानाचा आहे.

ही वस्तु म्हणजे धुंडिराज गोविंद उर्फ दादासाहेब फाळके यांचा १९१९ सालचा ‘कालियामर्दन’ हा मूकपट. नाशिक येथील हिंदुस्थान सिनेमा फिल्म्स कंपनीनें तो काढला. मूळ लांबी सुमारें ६,००० फूट. आज उपलब्ध आहे ती सुमारें ४,४०० फूट. म्हणजे चौथ्या हिश्शाहून थोडा अधिक भाग गहाळ आहे. जें उरलें तें पाऊण तासांत पाहून होतें.

या लेखास निमित्त घडलें तें असें. काव्यपुरुष आणि साहित्यविद्या यांचा विवाह विदर्भांतील ज्या वत्सगुल्म नगरांत झाला असें राजशेखर ‘काव्यमीमांसें’त सांगतो, त्या आमच्या वाशीम गांवीं गेल्या गोकुळाष्टमीस शाळेच्या मुलांना हा मूकपट दाखविण्याचा योग आला. बोलपटावर वाढलेलीं हीं मुलें दहा मिनिटांत कंटाळतील, असा प्रस्तुत लेखकाचा अदमास होता. पूर्वार्धांतल्या खोड्यांना तीं मनमुराद हंसलीं. परंतु कृष्णानें डोहांत उडी टाकल्यावर खोलींत जी शांतता पसरली ती लेखकाच्या ध्यानांत राहिली. कृष्ण वर येणार, नागाच्या फणेवर नाचणार, हें त्यांतील प्रत्येक मुलास ठाऊक होतें. मग जीव टांगणीस कां लागावा? ज्या गोष्टीचा शेवट ऐकणाऱ्यास पाठ आहे तींत धाकधूक कोठून येते? या एका प्रश्नाचा विचार पुढें केला आहे.

(२)

प्रथम पटाची मांडणी सांगणें अवश्य आहे. आरंभीं कथा नाहीं. फाळक्यांची कन्या मंदाकिनी, वय वर्षें सात, हिचा चेहरा पडद्यावर येतो आणि ती एकामागून एक भाव दाखविते. हा एका सात वर्षांच्या मुलीच्या मुद्राभिनयाचा नमुना आहे, असें पट स्वतःच जाहीर करतो. मग तीच मुद्रा विरघळत कृष्णाच्या वेषांत उभी राहते. यानंतर गोकुळांतल्या खोड्या येतात. त्यांत लोणी चोरणें आहे, सवंगड्यांची टोळी आहे, आणि रात्रीं एका सधन जोडप्याच्या शयनगृहांत शिरून नवऱ्याची दाढी व बायकोचे केंस एकत्र बांधून ठेवण्याचा प्रसंग आहे. शेवटीं कालियाचा डोह. येथें पट दोन स्थळांत विभागला जातो. एका स्थळीं पाण्याखालीं बालकृष्ण व नाग यांची झुंज. दुसऱ्या स्थळीं काठावर जमलेलीं व्याकुळ माणसें. हीं दोन स्थळें आळीपाळीनें दाखविलीं जातात, आणि अखेर कृष्ण नागाच्या मस्तकावर प्रकट होतो.

या आळीपाळीच्या दृश्यांवरच आमचें म्हणणें आधारलेलें आहे. मात्र एक सावधगिरी आरंभींच सांगितली पाहिजे. पट खंडित आहे. तेव्हां काठ किती वेळां दिसतो व पाणी किती वेळां, ही मोजदाद करून त्यावर सिद्धांत उभारणें म्हणजे पानें गळालेल्या पोथीवरून मूळ श्लोकसंख्या ठरविण्यासारखें होय. दोन स्थळांची गुंफण आहे, एवढें मात्र उरलेल्या फितीवरून निर्विवाद ठरतें, आणि आम्हांस तेवढेंच पुरे आहे.

(३)

आतां मूळ ग्रंथांकडे वळूं. कालियाची कथा हरिवंशाच्या विष्णुपर्वांत, विष्णुपुराणाच्या पंचमांशाच्या सातव्या अध्यायांत, आणि भागवताच्या दशमस्कंधाच्या सोळाव्या अध्यायांत आली आहे. तिन्ही ठिकाणीं कृष्ण नागाच्या वेटोळ्यांत सांपडतो आणि गोकुळ काठावर आक्रोश करतें. कथेचा सांगाडा एकच आहे. तथापि एका पात्राच्या वर्तनांत जो पाठभेद आहे तो आपल्या प्रश्नाच्या मुळाशीं जातो. तें पात्र बलराम.

हरिवंशांत आणि विष्णुपुराणांत बलराम बोलतो. कृष्णास उद्देशून तो म्हणतो कीं, हा मनुष्यभाव आतां पुरे. तूं कोण आहेस तें आठव आणि या नागास आवर. म्हणजे काठावर उभा असलेला एक जण खरें काय तें जाणतो आणि तें उघड बोलून दाखवितो. त्याच्या बोलण्याबरोबर संकटाची गांठ सुटूं लागते.

भागवतकारानें येथें निराळी योजना केली आहे. कृष्ण रामावांचून गाई चारावयास गेला हें कळतांच नंदादि गोप पावलांचा माग काढीत डोहाकडे धांवतात. धाकट्या भावाचा प्रभाव ओळखणारा बलराम मात्र त्यांच्याकडे पाहून हंसतो आणि कांहींच बोलत नाहीं. पुढें गोप डोहांत उडी घेऊं लागतात तेव्हां तोच त्यांस आवरतो. यशोदेस बायकांनीं धरून ठेविलें आहे. कृष्ण मुहूर्तभर तसाच वेटोळ्यांत राहतो आणि आपल्याकरितां हीं माणसें तळमळत आहेत हें पाहून मग उठतो.

हें स्मित आणि हें मौन यांचें मर्म काय? टीकाकारांच्या परिभाषेंत तें लीलेचें द्योतक होय. कथनाच्या दृष्टीनें पाहिलें तर मात्र बलराम हा ग्रंथांत उभा केलेला श्रोता आहे. श्रोत्यास जें ठाऊक आहे तेंच त्यालाही ठाऊक आहे. श्रोत्याप्रमाणेंच तो बोलून कोणाचें दुःख हलकें करीत नाहीं. जाणणारा एक आणि न जाणणारे अनेक असे एकाच काठावर शेजारीं शेजारीं उभे करून भागवतकारानें त्या दोहोंमधील अंतरांतून रस काढला आहे. शेवट ठाऊक असूनही ऐकणाऱ्याचा जीव कासावीस होतो तो यामुळें. आपल्याला आहे तें ज्ञान यशोदेला नाहीं, आणि तिला तें देण्याचा मार्ग आपल्यापाशीं नाहीं.

आपल्याकडील कीर्तनकारास हें शास्त्र न शिकतां अवगत असतें. उत्तररंगांत आख्यान ऐन भरांत आलें कीं तो थांबतो, एखादें पद घेतो, झांजा वाजतात, आणि श्रोते मनानें काठावर तिष्ठत राहतात. श्रीधराचा ‘हरिविजय’ (१७०२) घरोघर वाचला जात असे. म्हणजे कथा नवी कोणासच नव्हती. तरीही मंडळी उठून जात नसत.

(४)

फाळक्यांनीं या परंपरेंत काय भर घातली? आमच्या मतें त्यांनीं बलरामाची जागा प्रेक्षकास दिली. फितीची आळीपाळी हें त्याचें साधन. काठावरच्या माणसांस पाण्याचा पृष्ठभाग दिसतो. आपणांस त्याखालचें दिसतें. भागवतांत गोपांना कृष्ण वेटोळ्यांत निश्चेष्ट पडलेला दुरून दिसतो, म्हणजे त्यांचें भय डोळ्यांदेखतचें आहे. येथें तें भय न दिसणाऱ्या वस्तूचें आहे, आणि म्हणून अधिक मनोगत आहे. बाळ झुंजत आहे हें आपण पाहून येतों आणि लगेच ज्यांस तें ठाऊक नाहीं अशा चेहऱ्यांसमोर उभे राहतों. बलरामाप्रमाणें आपण जाणतों, आणि त्याच्याप्रमाणेंच मुकाट राहतों. पटही मुका, प्रेक्षकही मुका.

दशरूपकाच्या परिभाषेंत हेंच नेमकेपणानें सांगतां येतें. कार्याच्या पांच अवस्था: आरंभ, यत्न, प्राप्त्याशा, नियताप्ति, फलागम. प्राप्त्याशेंत उपाय दिसतो पण अपायाची शंकाही असते. नियताप्तींत विघ्न सरून फळ निश्चित होतें. सामान्यतः नाटकांतील पात्रें व प्रेक्षक या पायऱ्या बरोबरीनें चढतात. ‘कालियामर्दनां’त प्रेक्षक प्रथमपासून नियताप्तींत बसलेला आहे, आणि काठावरच्या माणसांपाशीं प्राप्त्याशेचाही आधार उरलेला नाहीं. दोन अवस्था एकाच क्षणीं, एकाच फितीवर. त्यांमधील ओढ तीच धाकधूक.

हें वैशिष्ट्य स्पष्ट व्हावें म्हणून एका परदेशी मूकपटाशीं तुलना करूं. लोइस वेबर या अमेरिकन बाईंनीं फिलिप्स स्मॉली यांच्यासह १९१३ सालीं ‘सस्पेन्स’ नांवाचा एका रिळाचा, सुमारें दहा मिनिटांचा पट केला. ज्या सालीं मुंबईस कोरोनेशन सिनेमांत ३ मे रोजीं फाळक्यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ लागला, तेंच हें साल. एकाकी घरांत तान्ह्या मुलासह एक स्त्री. मोलकरीण काम सोडून निघून गेलेली. घराभोंवतीं घिरट्या घालणारा एक भटक्या. आणि दूर कचेरींत असलेला नवरा. स्त्री टेलिफोनवर नवऱ्यास संकट सांगत असतांच तार तोडली जाते. नवरा दुसऱ्याची मोटार घेऊन घराकडे सुटतो आणि मोटारीचा धनी पोलिसांसह त्याच्या पाठीस लागतो. एके ठिकाणीं पडद्याचे त्रिकोणी भाग पाडून स्त्री, भटक्या आणि नवरा हीं तिघें एकाच चौकटींत दाखविलीं आहेत. वेबरबाईंनीं स्त्रीची भूमिका स्वतः केली. आजही हा पट पाहतांना हात आंवळले जातात, इतका तो नेटका आहे.

परंतु त्यांतील प्रश्न कोणता? नवरा वेळेवर पोंचेल कीं नाहीं? उत्तर पात्रांस ठाऊक नाहीं, प्रेक्षकासही नाहीं. दोघेही प्राप्त्याशेंत आहेत. तेथील धाकधूक फळाची आहे. मोटार दारांत येऊन थांबली कीं ती संपते. फाळक्यांची धाकधूक ज्ञानाची आहे. कृष्ण वांचेल कीं नाहीं हें तेथें विचारलेंच जात नाहीं. या माणसांना तें केव्हां कळेल, एवढेंच विचारलें जातें. म्हणूनच तो पट दुसऱ्यांदा पाहिला तरी धाकधूक उणी होत नाहीं. दुसऱ्यांदा पाहणारा व पहिल्यांदा पाहणारा यांत येथें भेदच नाहीं, कारण कथा ठाऊक नसलेला प्रेक्षक या पटास कधीं अभिप्रेत नव्हता.

दोन स्थळें आळीपाळीनें दाखविण्याची युक्ति फाळक्यांची स्वतःची नव्हे, हें मोकळेपणानें सांगितलें पाहिजे. १९१२ सालीं ते लंडनला गेले तेव्हां सेसिल हेपवर्थ यांची त्यांनीं भेट घेतली होती. पळविलेल्या बालकाचा माग काढणाऱ्या कुत्र्याचा ‘रेस्क्यूड बाय रोव्हर’ हा १९०५ सालचा गाजलेला पट याच हेपवर्थ यांचा. १९१९ पर्यंत सुटकेच्या कथा अशा रीतीनें गुंफणें युरोप-अमेरिकेंत सर्वत्र रूढ झालें होतें. साधन परकें, त्याचा विनियोग मात्र आपल्या पुराणांतून उगवलेला. त्र्यंबकेश्वरच्या संस्कृतज्ञ शास्त्र्याच्या घरीं जन्मलेल्या माणसास काठावरचा बलराम नवा नसणार.

(५)

या पटाचा आरंभ पुष्कळांस खटकतो. देवाची लीला दाखवावयाची आणि आधींच सांगावयाचें कीं ही सात वर्षांची मुलगी आहे; यानें रसभंग होत नाहीं काय? संस्कृत नाटकाची प्रस्तावना ज्यास परिचित आहे त्यास ही शंका येऊं नये. तेथेंही सूत्रधार आणि नटी आपण नट असल्याचें सांगूनच आपणांस नाटकांत नेतात. येथें तर या प्रस्तावनेचें दुहेरी प्रयोजन आहे.

पहिलें असें. भरतानें अभिनय चार प्रकारचा सांगितला: आंगिक, वाचिक, आहार्य आणि सात्त्विक. मूकपटांत वाचिक गळालें. मधून मधून येणाऱ्या लेखी पाट्या हा त्याचा अवशेष. मग सर्व भार मुद्रेवर पडतो. आरंभींची मुद्रांची मालिका ही प्रेक्षकास दिलेली वर्णमाला आहे: चेहरा वाचावयास आधीं शिका, पुढें तेंच वाचावयाचें आहे. आणि शेवटीं डोहाच्या काठीं खरोखर तेंच करावें लागतें. एका मुलीच्या मुद्रेपासून निघालेला पट अनेकांच्या मुद्रांपाशीं येऊन पोंचतो.

दुसरें असें कीं, कृष्ण देव आहे ही जाणीव जशी प्रेक्षकास असते तशीच, ही लहानशी मुलगी आहे, ही जाणीवही त्या चेहऱ्यानें कायमची करून दिली. नागाशीं झुंजतांना देव दिसतो आणि सात वर्षांचें पोरही दिसतें. देवाची काळजी कोणी करीत नाहीं. पोराची काळजी सर्वांस वाटते. यशोदेचें अज्ञान क्षणभर आपल्याही अंगीं यावें, याची तजवीज फाळक्यांनीं पहिल्या मिनिटासच करून ठेविली आहे.

(६)

दोषही सांगितले पाहिजेत. पूर्वार्धांतले प्रसंग एकमेकांशीं सैल जोडलेले आहेत. दाढी-वेणीचा प्रसंग मौजेचा असला तरी तो काढून टाकल्यानें डोहाच्या प्रसंगास उणेपणा येत नाहीं. नाग हा बनविलेला आहे हें आजच्या मुलासही दिसतें. गर्दीच्या दृश्यांत कांहीं मंडळी शोक करण्यापेक्षां शोक दाखविण्यांत गुंतलेली वाटतात. परंतु यावरून, फाळके म्हणजे चमत्काराच्या युक्त्या करणारे कारागीर, त्यांस मनाचें दर्शन कोठें ठाऊक, असा जो अभिप्राय कित्येक देतात तो आम्हांस मान्य नाहीं. चमत्कार पाण्याखालीं आहे. पट मात्र पुनःपुन्हां काठाकडे परततो. ज्यास केवळ चमत्कार दाखवावयाचा असता त्यानें आपला कष्टानें बनविलेला नाग पडद्यावरून हलूं दिला नसता.

(७)

शेवटीं संग्राहकांच्या दृष्टीनें एक गोष्ट. हा पट आज पाहावयास मिळतो तो अपघातानें नव्हे. पुण्यास १९६४ सालीं नॅशनल फिल्म आर्काइव्ह स्थापन झाल्यावर पी. के. नायर यांनीं फाळके कुटुंबीयांकडे उरलेल्या फितींचे तुकडे मिळविले आणि जुळविले. स्वतः फाळके १९०३ सालीं पुराणवस्तु खात्यांत छायाचित्रकार व आरेखक म्हणून लागले होते. त्यांच्याच कृति पुढें पुराणवस्तूंप्रमाणें गोळा कराव्या लागल्या.

आपल्या देशांत सुमारें तेराशें मूकपट निघाले. त्यांतील तिसाच्या आसपासच, आणि तेही पुष्कळ अपुरे, हातीं राहिले आहेत. ‘राजा हरिश्चंद्रा’ची जी दोन रिळें जतन झालीं तीं १९१३ च्या मूळ पटाचीं कीं १९१७ च्या पुनर्निर्मितीचीं, यावर अभ्यासकांत वाद आहे, आणि १९१७ चा पक्ष घेणारे तज्ज्ञ आहेत. मूळ प्रत आणि पुढची प्रत यांचा हा घोळ आपणांस किती ओळखीचा आहे! त्यांत १९०० ते १९५० या काळांतील नायट्रेटच्या फिती अत्यंत ज्वालाग्राही. जानेवारी २००३ मध्यें पुण्यास फिल्म इन्स्टिट्यूटच्या आवारांत लागलेल्या आगींत जुन्या फितींचा मोठा सांठा जळाला.

आपल्याच जिल्ह्यांतील कारंजा येथील जैन भांडारांचें उदाहरण डोळ्यांपुढें ठेवावें. तेथील पोथ्या शतकें कपाटांत राहिल्या. १९२६ च्या मध्यप्रांत व वऱ्हाडच्या हस्तलिखित-सूचींत त्यांची नोंद झाली. आणि मग ‘जसहरचरिउ’ (१९३१), ‘णायकुमारचरिउ’ (१९३३) हे पुष्पदंताचे अपभ्रंश ग्रंथ छापून जगापुढें आले. नोंद झाली म्हणून ग्रंथ वांचले. वऱ्हाडांतील जुन्या वाड्यांत, तंबूंतल्या सिनेमावाल्यांच्या वंशजांकडे, जुन्या छापखान्यांच्या रद्दींत मूकपटांच्या जाहिराती, कथासाराचीं पत्रकें, कदाचित् फितींचे तुकडेही पडले असण्याचा संभव आहे. जाहिरात अथवा पत्रक मिळाल्यास तें पोथीच्या पानाप्रमाणें जपावें व नोंदवावें. फीत मिळाल्यास मात्र ती घरांत ठेवूं नये, उन्हांत उलगडून पाहूं नये. पुण्याच्या संग्रहालयास तत्काळ कळवावें.

‘कालियामर्दना’चा चौथा हिस्सा गहाळ आहे. आज डोहाच्या काठीं आपण स्वतःच उभे आहों. पाण्याखालीं काय उरलें आहे हें येथें कोणा बलरामास ठाऊक नाहीं. तेव्हां त्याच्यासारखें हंसून स्वस्थ बसण्याचा अधिकारही कोणास नाहीं.